सरकारी घर म्हणजे वतन नव्हे

सरकारी घर नोकरीबरोबर मिळतं आणि नोकरीबरोबर सुटतं. आयुष्यभर जनतेला नियम दाखवणाऱ्यांना हा एक नियम पाळवत नसेल, तर त्यांच्याबद्दल मला काडीचीही सहानुभूती नाही. मीही सरकारी वसाहतीत संसार केला आणि मुदतीत चावी परत दिली. त्यात मी कुणावर उपकार केले नाहीत.

निवृत्तीची तारीख कुणावर अचानक कोसळत नाही. केंद्राचे 2017 चे नियम त्यानंतरही सहा महिने देतात. निवृत्तीच्या तीन महिने आधीच नोटीस द्या, असं सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्येच सुचवलं. ऑगस्ट 2021 मध्ये तर काश्मीरमधून विस्थापित झालेल्या निवृत्त अधिकाऱ्यालाही न्यायालयाने स्पष्ट सांगितलं, की ही घरं सेवेत असलेल्यांसाठी आहेत. मग वजनदार माणसांना मुदतवाढ कोणत्या तोंडाने मिळते?

उत्तर प्रदेशाने तर निर्लज्जपणाची हद्द केली. माजी मुख्यमंत्र्यांनी दोन महिन्यांत बंगले सोडावेत, असं न्यायालयाने 2016 मध्ये बजावलं, तेव्हा तिथल्या विधानसभेने कायदाच बदलून टाकला. ती दुरुस्ती मे 2018 मध्ये रद्द झाली, तेव्हा कुठे बंगले रिकामे होऊ लागले. इकडे साध्या लिपिकाची ग्रॅच्युइटी ‘नो ड्यूज’च्या एका कागदासाठी अडते. त्याच्यासाठी विधानसभा भरत नाही.

आपणही शहाणे नाही. मुंबईच्या बीडीडी चाळींमधल्या पोलिसांच्या खोल्यांत निवृत्तांची कुटुंबं वर्षानुवर्षं राहिली. 2022 मध्ये सरकारने पुनर्विकासातली घरं त्यांना 15 लाखांत मालकीने द्यायचं ठरवलं. टाळ्या पडल्या. पण आज सेवेत असलेल्या पोलिसाचं काय? तो बदलापूर-विरारहून लोकलला लटकत ड्यूटीवर येतो. त्याच्या वाट्याची खोली कायमची गेली, आणि त्याला कुणी विचारलंही नाही.

निवृत्त हवालदाराला मुंबईत घर परवडत नाही, हे शंभर टक्के खरं आहे. म्हणूनच त्याची सोय नोकरीत असतानाच व्हायला हवी. पोलिसांच्या गृहनिर्माण संस्थांना भूखंड द्या, घरासाठीचं ‘डीजी लोन’ वेळेवर द्या. ते न करता आधी त्याला वाऱ्यावर सोडायचं, मग त्याने खोली अडवली की डोळेझाक करायची आणि शेवटी निवडणुका पाहून ती त्याच्या नावावर करायची, याला मी कल्याणकारी राज्य म्हणणार नाही. ही सरकारी मालमत्तेची खिरापत आहे.

माझी मागणी सरळ आहे. मुदतवाढीचा प्रत्येक आदेश कारणासह आणि मंजूर करणाऱ्याच्या नावासह जाहीर करा. दंडनीय भाडं माफ करायची सवय बंद करा, आणि बेकायदा मुदतवाढ देणाऱ्या अधिकाऱ्याच्या पगारातून ते वसूल करा. पहिली नोटीस सर्वात मोठ्या बंगल्यावर लावा. तेवढी हिंमत नसेल, तर चाळीतल्या म्हाताऱ्या हवालदाराच्या दारात जायचा तुम्हाला अधिकार नाही.