गुरांसाठी लस : जिवंत की मृत?

गुरांना टोचावयाची लस जिवंत असावी की मृत, या वादात सामान्य माणसाचा कल मृत लशीकडे सहज झुकतो. मारलेल्या जंतूपासून रोग उद्भवत नाही, हा तिचा गुण खराच. परंतु तेवढ्यावरून तिला श्रेष्ठ ठरविणे उतावीळपणाचे होय.

बुळकांड्या रोगाचे उदाहरण पाहावे. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात मुक्तेश्वर येथे एडवर्ड्‌स यांनी त्याचा विषाणू शेळ्यांतून पुनःपुन्हा नेऊन क्षीण केला. या जिवंत लशीने मैदानी गुरांस दीर्घकाळ टिकणारे संरक्षण दिले. डोंगरी व विदेशी रक्ताच्या गुरांना मात्र ती जड गेली. पुढे प्लौराइट यांनी केनियात पेशी-संवर्धनातून सर्व जातींना सोसणारी जिवंत लस सिद्ध केली. २०११ साली हा रोग पृथ्वीवरून नाहीसा झाल्याचे घोषित झाले.

तथापि जिवंत लस सर्वत्र निर्धोक नव्हे. सांसर्गिक गर्भपातावरील लस चार ते आठ महिन्यांच्या कालवडीस एकदाच टोचतात; गाभण गाईस ती दिल्यास गर्भ पडण्याचे भय असते आणि चुकून टोचणाऱ्याच्याच बोटात सुई शिरली तर त्यालाही रोग जडू शकतो.

लाळखुरकतीवर मृत लसच इष्ट. पण तिचा प्रभाव लवकर ओसरतो, म्हणून दर सहा महिन्यांनी ती पुन्हा द्यावी लागते. ती शीतपेटीतून गावोगाव वेळेवर पोचविणारी माणसे नसतील, तर तिचा निर्धोकपणा काय कामाचा? एक फेरी चुकली की गोठा उघडा पडतो. मग गुरे लाळ गाळू लागतात, आणि बोल मात्र लशीला लागतो.