पाण्याला विटाळ कशाचा?



 संपादकीयात वर्षभरातील कार्याचा आढावा घ्यावा असा प्रघात आहे. तो आढावा सचिवांच्या अहवालात सविस्तर आलेला असल्यामुळे येथे आम्ही एका वेगळ्या विषयाकडे आपले लक्ष वेधू इच्छितो.

गेल्या उन्हाळ्यात आपल्यापैकी काही कुटुंबे बोडनझे सरोवराच्या सहलीस गेली होती. लिंडाउच्या काठावर मुले पाण्यात उतरली होती. नातवंडांना भेटण्यासाठी मराठवाड्यातून आलेल्या एक वयोवृद्ध आजी काठावर बसून हे सारे पाहत होत्या. बऱ्याच वेळाने त्यांनी विचारले, "हे तळं कुणाचं हाय?" मुले हसली. त्यांना तो प्रश्न भोळेपणाचा वाटला. आम्हांला मात्र हसू आले नाही. लहानपणी गावच्या विहिरीपासून अंतर राखून, कोणी तरी वरून घागरीत पाणी ओतील म्हणून ज्यांनी तासन्तास वाट पाहिली, त्यांच्या मनात कोणतेही पाणी पाहिले की पहिला प्रश्न हाच उभा राहतो. आजींच्या त्या प्रश्नाचा आम्ही जो विचार केला, तोच येथे मांडत आहोत.

बोडनझे हे हिमयुगात ऱ्हाईनच्या हिमनदीने कोरून काढलेले सरोवर. त्याचे क्षेत्रफळ सुमारे ५३६ चौरस किलोमीटर असून सर्वांत खोल ठिकाणी ते २५० मीटरांहून अधिक खोल आहे. आल्प्स पर्वतातून येणारी ऱ्हाईन नदी ऑस्ट्रियाच्या बाजूने त्यात शिरते, कॉन्स्टान्स शहरापाशी मुख्य सरोवरातून बाहेर पडते आणि पुढे बाझल, स्ट्रासबुर्ग, माइन्त्स, बॉन, कोलोन अशी शहरे घेत नेदरलँड्समध्ये समुद्रास मिळते. सरोवराच्या काठी जर्मनी, स्वित्झर्लंड व ऑस्ट्रिया असे तीन देश आहेत. गंमत अशी की, मुख्य सरोवराच्या मध्यावर सीमारेषा नेमकी कोठून जाते, याविषयी ह्या तिन्ही देशांत सर्वमान्य करार आजतागायत झालेला नाही. तरीही कोणाचे अडत नाही. १९५४ मध्ये स्थापन झालेली पाणीपुरवठा संस्था ह्याच सरोवरातील पाणी स्टुटगार्टसह बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्यातील सुमारे ४० लाख लोकांना पुरविते. आपल्यापैकी कित्येकांच्या स्वयंपाकघरातील नळाला हेच पाणी येते.

परंतु हे पाणी नेहमीच असे नितळ नव्हते. दुसऱ्या महायुद्धानंतर काठावरील वस्ती व कारखाने वाढले. सांडपाणी, धुलाईची पावडर आणि शेतातील खते ह्यांतून फॉस्फरस सरोवरात उतरू लागला. फॉस्फरस हे शेवाळाचे खाद्य. शेवाळ माजले, ते मरून तळाशी कुजू लागले आणि त्या कुजण्याने खोल पाण्यातील प्राणवायू घटू लागला. शतकाच्या मध्यास लिटरमागे १० मायक्रोग्रॅमच्या आसपास असलेला फॉस्फरस १९७९ च्या सुमारास ८० मायक्रोग्रॅमच्या पुढे गेला. सरोवर मरणपंथास लागले आहे, असे लोक उघडपणे बोलू लागले.

तेव्हा ह्या लोकांनी काय केले? कोणी सरोवराची पूजा मांडली नाही. कोणाच्या स्पर्शाने ते बाटले, याचाही शोध घेतला नाही. पाण्यात काय मिसळते आहे, किती मिसळते आहे आणि कोठून येते आहे, हे मोजले. १९५९ मध्येच काठावरील राज्यांनी सरोवराच्या रक्षणासाठी आंतरराष्ट्रीय आयोग स्थापन केला होता. त्याच्या मार्गदर्शनाखाली अब्जावधींचा खर्च करून गावोगावी सांडपाणी शुद्धीकरण केंद्रे उभारली गेली. १९८० मध्ये जर्मनीने धुलाईच्या पावडरीतील फॉस्फेटवर कायद्याने मर्यादा घातली. आज तेथील फॉस्फरसचे प्रमाण पुन्हा १० मायक्रोग्रॅमच्या खाली आले आहे.

आता आपण महाडला जाऊ. ४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदेमंडळात रावबहादूर सी. के. बोले ह्यांचा ठराव संमत झाला आणि सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचे धोरण ठरले. महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये चवदार तळे खुले केल्याचे जाहीर केले. ठराव कागदावरच राहिला. २० मार्च १९२७ रोजी परमपूज्य बाबासाहेब हजारो अनुयायांसह तळ्यावर गेले आणि त्यांनी ओंजळभर पाणी प्राशन केले. त्यानंतर सनातन्यांनी तळे 'शुद्ध' करण्याचे ठरविले. शुद्धीसाठी काय वापरले? गाईचे शेण, गोमूत्र, दूध आणि दही! १०८ घागरी पाणी काढून, मंत्रोच्चारात हे पंचगव्य तळ्यात सोडण्यात आले.

बोडनझेच्या काठावर उभे राहून ह्या घटनेकडे पाहिले की तिचा एक नवाच अर्थ उमगतो. माणसाने ओंजळभर पाणी प्यायल्याने पाणी बिघडले, असे ज्या समाजाला वाटत होते, त्याच समाजाला त्यात शेण कालविल्याने ते सुधारले, असेही वाटत होते. रसायनशास्त्राच्या कोणत्याही प्रयोगशाळेत निकाल नेमका उलट लागला असता. 'अशुद्ध' ह्या एकाच शब्दाने आपल्याकडे दोन अगदी भिन्न गोष्टी दर्शविल्या गेल्या. एक मोजता येते, तिचे कारण शोधता येते, तिच्यावर उपाय करता येतो. दुसरी जन्माला चिकटविलेली असते. ती मोजता येत नाही, म्हणून धुताही येत नाही. ज्या समाजाने आपली सारी शुद्धीची चिंता दुसऱ्या गोष्टीवर खर्ची घातली, त्या समाजाला पहिलीकडे पाहण्यास सवड उरली नाही. आमच्या मते नद्यांना माता म्हणणाऱ्या देशातील नद्यांच्या दुर्दशेचे एक मूळ येथे आहे. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०२२ च्या अहवालात देशातील ३११ प्रदूषित नदीपट्ट्यांची नोंद आहे. त्यांपैकी ५५ पट्टे एकट्या महाराष्ट्रात, म्हणजे सर्व राज्यांत अधिक आहेत.

आणि ती घाण उपसण्याचे काम कोणाच्या माथी आले? हाताने मैला साफ करून घेण्यास बंदी घालणारा सुधारित कायदा २०१३ मध्ये झाला. तरीही गटारात उतरून माणसे गुदमरून मरतच राहिली. ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला अशा मृत्यूंची भरपाई ३० लाख रुपयांपर्यंत वाढवावी लागली. शुद्धीकरण केंद्र उभारण्याऐवजी स्वस्तात माणूस उतरविता येतो, तोवर केंद्र उभारण्याची घाई कोणास होणार? जातिव्यवस्था माणसाला तर छळतेच, ती नदीलाही सोडत नाही.

ऱ्हाईन नदीची कथाही अशीच बोधप्रद आहे. वरच्या अंगाला राहणारा घाण सोडतो आणि खालच्या अंगाला राहणारा ती पितो, हा नदीकाठचा जुना अन्याय. गावात पाणवठ्याची रचनाही अशीच असे. सवर्णांचा घाट वर आणि आपला खाली. युरोपात खालच्या अंगाला नेदरलँड्स होते. जुलै १९५० मध्ये स्वित्झर्लंड, फ्रान्स, जर्मनी, लक्झेंबर्ग व नेदरलँड्स ह्या पाच देशांनी ऱ्हाईनच्या रक्षणासाठी आयोग स्थापिला. महायुद्ध संपून तेव्हा पाचच वर्षे झाली होती. कालचे शत्रू एका मेजाभोवती बसले. फ्रान्समधील आल्सास प्रांतातील पोटॅश खाणी नदीत मीठ सोडीत व ते पाणी हॉलंडमधील रोपवाटिकांची नासाडी करी. अशाच एका रोपवाटिकेच्या मालकाने खाण कंपनीवर दावा लावला. जेथे नुकसान झाले तेथील न्यायालयातही दाद मागता येते, असा निर्णय युरोपीय न्यायालयाने १९७६ मध्ये दिला. आपण मात्र विसरू नये की, चवदार तळ्याचा खटलाही असाच न्यायालयात लढला गेला आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने बाबासाहेबांच्या बाजूने निकाल दिला.

तरीदेखील ऱ्हाईनला खरी जाग आली ती एका आपत्तीने. १ नोव्हेंबर १९८६ च्या पहाटे बाझलजवळील श्वाइत्सरहाले येथे साँडोझ कंपनीच्या रसायनांच्या गोदामास आग लागली. आग विझविण्यासाठी मारलेले पाणी कीटकनाशके घेऊन नदीत उतरले. नदी लाल झाली आणि शेकडो किलोमीटरपर्यंत ईल मासे मरून तरंगू लागले. पुढच्याच वर्षी काठावरील देशांनी कृती-कार्यक्रम स्वीकारला. इसवी सन २००० पर्यंत साल्मन मासा ऱ्हाईनमध्ये परत आणावयाचा, असे साधे व सर्वांना समजेल असे ध्येय त्यात ठेवले. १९९० मध्ये बॉनजवळ ऱ्हाईनला मिळणाऱ्या झीग नदीच्या खोऱ्यात परतलेला साल्मन सापडला.

येथे आम्हांस 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' ह्या ग्रंथातील रोहिणी नदीच्या प्रसंगाचे स्मरण होते. शाक्य व कोलीय ह्यांच्यात नदीच्या पाण्यावरून तंटा झाला व शाक्य संघाने युद्धाचा घाट घातला. सिद्धार्थाने विरोध केला आणि सुचविले की, दोन्ही बाजूंनी दोन-दोन माणसे निवडावीत, त्यांनी पाचवा निवडावा व ह्या पाचांनी तंटा मिटवावा. संघाने ते मानले नाही आणि सिद्धार्थाने गृहत्याग केला, अशी मांडणी बाबासाहेबांनी केली आहे. धम्माच्या ह्या कथेचा आरंभ पाण्याच्या न्याय्य वाटपापासून होतो, ही बाब विचार करण्याजोगी आहे.

बाबासाहेबांना हा विषय परका नव्हता. विद्यार्थिदशेत त्यांनी ऱ्हाईनच्याच काठावरील बॉन विद्यापीठात नाव नोंदविले होते, हे आपणांस ठाऊक आहेच. व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना दामोदर व महानदी ह्या खोऱ्यांच्या विकास-योजनांचा पाया त्यांच्याच काळात घातला गेला. संपूर्ण खोरे हे एकच अंग मानावे आणि पूरनियंत्रण, सिंचन, वीज व जलवाहतूक ह्यांचा एकत्र विचार व्हावा, ही त्या योजनांमागील दृष्टी होती. राज्यघटनेच्या १५ व्या अनुच्छेदात तर विहिरी, तलाव व स्नानघाट ह्यांचा नावानिशी उल्लेख आहे. महाडची ओंजळ तेथे कायद्याच्या भाषेत उतरली आहे.

परंतु युरोपचे सारेच गोड म्हणून आपण त्यापुढे मान तुकवावी, असे आमचे म्हणणे नाही. बर्लिनमध्ये हाफेल नदी रुंदावून वानझे नावाचे सरोवर झाले आहे. नाझी राजवटीत १९३० च्या दशकात तेथील स्नानतटावर ज्यूंना मज्जाव करणारी पाटी लागली. त्याच सरोवराच्या काठावरील एका बंगल्यात २० जानेवारी १९४२ रोजी उच्चपदस्थ अधिकारी जमले आणि युरोपातील ज्यूंच्या संहाराची कार्यवाही कशी करावयाची, ह्यावर त्यांनी चर्चा केली. पाण्यापासून माणसाला दूर ठेवणारी पाटी कोठवर पोहोचते, हे ह्या भूमीने पाहिले आहे. त्या अनुभवातून शहाणे होऊनच पुढची पिढी घडली. डिसेंबर १९४६ च्या बव्हेरियाच्या राज्यघटनेने डोंगर, सरोवरे व नद्या ह्यांच्याकडे जाणाऱ्या वाटा सर्व जनतेसाठी मोकळ्या ठेवणे हे शासनाचे व गावांचे कर्तव्य ठरविले. तरीही ह्या राज्यातील श्टार्नबेर्ग सरोवराच्या काठाचा मोठा भाग आजही खासगी बंगल्यांच्या कुंपणाआड आहे. लिहिलेला हक्क आपोआप पदरात पडत नाही, हे आपल्याइतके कोणास माहीत असणार?

निसर्गावर एकदा मिळविलेला विजयही कायमचा नसतो. योहान गोटफ्रीड टुल्ला ह्या अभियंत्याच्या योजनेनुसार १८१७ पासून वरच्या ऱ्हाईनची वळणे कापून नदी सरळ करण्यात आली. नदी सुमारे ८० किलोमीटरांनी आखूड झाली, दलदली आटल्या, गावे सुरक्षित झाली. पण पाणी खाली वेगाने धावू लागले व पूर पसरण्याची मैदाने गेली. १९९३ च्या नाताळात आणि १९९५ च्या जानेवारीत कोलोन शहर पाण्याखाली गेले. जुलै २०२१ मध्ये आर नदीच्या खोऱ्यात १३० हून अधिक माणसे दगावली. उलट २०१८ व २०२२ मध्ये ऱ्हाईन इतकी आटली की जहाजे अर्ध्या भाराने चालवावी लागली. बोडनझेत २०१६ मध्ये क्वाग्गा नावाचा परका शिंपला आढळला आणि तो झपाट्याने पसरला. फेल्खेन मासा इतका घटला की २०२४ मध्ये मुख्य सरोवरात त्याच्या मासेमारीवर तीन वर्षांची बंदी घालावी लागली. पाण्याची राखण हे रोजचे काम आहे. ते एका पिढीने करून संपत नाही.

म्हणून आमची आपणांस एक सूचना आहे. २० मार्चचा दिवस आपण दरवर्षी सभागृहात साजरा करतो. ह्यापुढे तो आपापल्या गावच्या नदीच्या वा सरोवराच्या काठी साजरा करावा. मुलांना चवदार तळ्याचा इतिहास तेथे सांगावा आणि समोरचे पाणी कोठून येते, कोण राखते, हेही सांगावे. आपल्यात अभियंते आहेत, रसायनशास्त्रज्ञ आहेत, परिचारिका आहेत. सुटीत मायदेशी जाताना त्यांनी आपल्या गावच्या वस्तीतील पाण्याचा नमुना तपासून घ्यावा व जे आढळेल ते ग्रामपंचायतीपुढे ठेवावे. शुद्धाशुद्धाचा निवाडा पोथीने करण्याचे दिवस गेले. तो आता आकड्यांनी व्हावा आणि तो करणारे हात आपले असावेत.

आजींच्या प्रश्नाला त्या दिवशी त्यांच्या नातीने उत्तर दिले होते. ती म्हणाली, "आजी, सगळ्यांचं." आजी उठल्या, पायऱ्या उतरल्या आणि त्यांनी ओंजळीत पाणी घेऊन तोंडावर मारले. मग म्हणाल्या, "सगळ्यांचं हाय, तर सगळ्यांनीच जपाय पायजे."

ह्याहून अधिक आम्हांस काही सांगावयाचे नाही.

जय भीम!

— संपादक मंडळ