एकशे सेहेचाळीस मण्यांतला सहावा

धडगाव तालुक्यातल्या एका आश्रमशाळेत मी विज्ञान शिकवते. थंडी पडली की आठवीतली एक मुलगी गुडघे धरून रडायची. कवायत चुकवायला ढोंग करते, असं आम्ही शिक्षकच म्हणायचो. रक्त तपासलं, सिकलसेल निघाला.

तेव्हापासून प्रथिनांचा धडा मी डाळ-अंड्यांपासून नाही, हिमोग्लोबिनपासून सुरू करते. फळ्यावर १४६ मण्यांची माळ काढते, ही त्याची बीटा साखळी, एकेक मणी म्हणजे एक अमिनो आम्ल. सहावा मणी ग्लुटामिक आम्लाचा, पाण्याशी जमवून घेणारा. त्याच्या जागी पाण्यापासून अंग चोरणारा व्हॅलिन बसला, की ऑक्सिजन सोडल्यावर हिमोग्लोबिनचे रेणू एकमेकांना चिकटतात. त्यांचे लांब, ताठ दोर होतात आणि गोल, लवचीक तांबडी पेशी विळ्यासारखी वाकते, बारीक रक्तवाहिन्यांत अडकते. हाडांतली कळ तिथून येते. हा एक मणी व्हर्नन इनग्रॅम यांनी पन्नाशीच्या दशकात शोधला.

२०२३ पासून सिकलसेल निर्मूलनाचं राष्ट्रीय अभियान सुरू आहे, मुदत २०४७. तपासण्या हव्यातच. पण हातात नुसतं तपासणीच्या निकालाचं कार्ड देऊन काय होणार? आई-वडील दोघंही वाहक असतील, तर प्रत्येक गरोदरपणात बाळाला हा आजार होण्याची शक्यता चारात एक असते. हे आदिवासी भागातल्या प्रत्येक नववीच्या वर्गात, पावरी-भिलीतून, शिकवलंच पाहिजे. या आजारावरच्या हायड्रॉक्सीयुरियाच्या गोळ्याही जवळच्या आरोग्य केंद्रात नियमित मिळायला हव्यात.

ती मुलगी आता दहावीत आहे. कवायतीच्या वेळी उन्हात बसते, शेजारी पाण्याची बाटली.