हक्काचे पाणी, विषाचे पाणी

२० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्यावर पाण्याचा हक्क बजावला. पुढे त्याच महाडला रासायनिक कारखान्यांची वसाहत उभी राहिली आणि सावित्री नदी दूषित झाली. स्पर्शाचा हक्क मिळाला. पण पाणीच विषारी असेल तर तो हक्क काय कामाचा?

नांदेड-लातूरच्या बांधवांनो, महाड दूर आहे असे समजू नका. २०२२ साली केंद्रीय मंडळाने महाराष्ट्रातील ५५ नदीपट्टे प्रदूषित ठरविले. इतके अन्य कोणत्याही राज्यात नव्हते. गोदावरी आणि मांजरा यांचे रक्षण तुम्हालाच करावयाचे आहे.

‘नदी पवित्र आहे, ती सारे धुऊन नेते’ ही समजूत कारखानदाराच्याच सोयीची आहे. जड धातू गाळात बसतात आणि मासळीतून आपल्या मुलांच्या ताटात येतात. आरतीने नदी शुद्ध होत नाही. सांडपाणी कारखान्याच्या आवारातच शुद्ध झाले पाहिजे.

१९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने निर्मळ पाणी हा जीविताच्या हक्काचा भाग मानला. १९९६ साली राजस्थानातील बिछडीच्या खटल्यात, घाण करणाऱ्यानेच सफाईचा खर्च सोसावा, असा निर्णय दिला. मग हात जोडून का उभे राहता? पाण्याच्या तपासणीचे निकाल लेखी मागा. दया नको, हक्क मागा!