लढत यादीतच संपते

शेअर एक असो वा शंभर, सभासदाला मत एकच. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम २७ मधले हे तत्त्व सहकाराचा कणा आहे. प्रत्यक्षात अनेक संस्थांची निवडणूक मतपेटीपर्यंत पोहोचायच्या आत, प्रारूप मतदार यादी फळ्यावर लागते तिथेच निकाली निघते. मयत सभासदाचे नाव यादीत कायम, वारसाचा अर्ज मात्र सचिवाच्या कपाटात पडून. विरोधी गटातल्या शेतकऱ्याची जुनी थकबाकी नेमकी याच वेळी उकरली जाते आणि त्याचे मत जाते.

९७ व्या घटनादुरुस्तीनंतर २०१३ मध्ये कायदा बदलला, राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण आले. अनेक संस्थांत निवडणुकीचे काम संचालकांच्या हातून निघाले, हे चांगलेच झाले. पण यादीचा मूळ आधार असलेले सभासद रजिस्टर संस्थेकडेच राहिले. दुखणे तिथे आहे.

निवडणुकीविरुद्ध न्यायालयात दाद मागायची तर ती जाहीर झालेल्या निकालानंतर दोन महिन्यांत कलम ९१ खाली सहकार न्यायालयात मागायची. मुदत सभासदाला, न्यायालयाच्या निर्णयाला नाही. संचालक मंडळाची मुदत पाच वर्षांची, तारखांवर तारखा पडत ती सरून जाते आणि दावा निरर्थक ठरतो. असे दावे ठरावीक मुदतीत निकाली काढण्याचे बंधन कायद्यात हवे. सरकारने ते आणावे. सभासदांनीही निवडणूक जाहीर होण्याची वाट न पाहता आपले नाव, वारसनोंद आणि थकबाकीचा उतारा आजच तपासून लेखी पोच घ्यावी.