अंगठा दिला म्हणजे संमती दिली?

मैत्रिणींनो, काही वर्षांपूर्वी आमच्या वस्तीत माहितीपटवाले आले. परित्यक्तेची मुलाखत हवी होती. ओळख माझी, म्हणून घर मीच दाखवलं. संमतिपत्र इंग्रजीत, बाईला मराठीही वाचता येत नव्हतं. "ताई, तुम्ही म्हणताय तर देते," म्हणत तिने अंगठा उमटवला. फिल्म तिने पाहिली ती शेजारणीच्या मोबाइलवर, गावभर झाल्यानंतर. तो अंगठा तिने कागदावर नाही, माझ्या भरवशावर दिला होता.

बलात्कारित स्त्रीची ओळख उघड करणं गुन्हा ठरवणारं २२८-अ हे कलम १९८३ साली आलं, आणि ती कायदादुरुस्ती स्त्री-चळवळीने रस्त्यावर उतरून करायला लावली. आज ते भारतीय न्याय संहितेत ७२वं कलम आहे. पण नवऱ्याने टाकलेली, मार खाणारी, धंदा करणारी बाई त्यात बसत नाही. तिच्या वाट्याला फक्त संमतिपत्र, आणि तेही निर्मात्याच्या बचावासाठी लिहिलेलं!

'बॉर्न इन्टू ब्रॉथेल्स' हा कोलकात्याच्या सोनागाछीतल्या मुलांवरचा माहितीपट. २००५ साली त्याला ऑस्कर मिळालं. त्यातल्या बायकांची ओळख जपायची म्हणून तो भारतात प्रदर्शित करणार नाही, असं सांगितलं गेलं. म्हणजे धोका ठाऊक होता! मग परदेशात दाखवताना तो संपतो कसा? आणि इंटरनेटला कुठली आलीय वेस?

"पण समाजाला हे कळायला नको का?" असं हे लोक विचारतात. कळायलाच हवं. मात्र त्याची किंमत कोण मोजतं? फिल्मवाले पुढच्या विषयाकडे जातात. बाईला त्याच नळावर पाणी भरायचं असतं. एखादी म्हणेल, मी का तोंड लपवू? तिला अडवणारे आपण कोण? पण ठरवायचं तिने, आणि तेही सगळं नीट कळल्यावर.

म्हणून माझं मागणं साधं आहे. कागद तिच्या भाषेत हवा, वाचून दाखवलेला हवा. तयार झालेली फिल्म सर्वांच्या आधी तिला दाखवा. "हे नको" म्हणाली, तर तो भाग काढा. कारण विचारू नका. हे कबूल नसेल, तर वस्तीतलं एकही दार यापुढे मी दाखवणार नाही. तुम्हीही दाखवू नका.