गाण्यांची खतावणी

आमच्या आपट्याचे रेल्वे स्टेशन १९९५ साली ‘दिलवाले दुल्हनिया ले जायेंगे’मध्ये पंजाबातले म्हणून पडद्यावर आले. खरे गाव सांगायला कोणीतरी नोंद ठेवणारा लागतोच.

बीटल्ससाठी मार्क लुईसन यांनी हयात वेचली. २०१३ साली आलेला त्यांचा जाडजूड पहिला खंड जेमतेम १९६२पर्यंत पोचतो. मुंबईत पदार्थविज्ञानाचे संशोधक सुरेश चांदवणकर यांनी १९९०पासून ‘सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स’मधून जुन्या तबकड्यांसाठी तीच चिकाटी दाखविली.

बँकेत आम्ही एका पैशाचा फरकही सोडत नसू. गाण्यांचा हिशेब मात्र आपण भंगारवाल्याच्या तराजूत टाकतो. माळ्यावरची तबकडी विकण्यापूर्वी तिच्यावरचे नाव आणि क्रमांक तरी वहीत उतरवा. सूर आठवणीत राहतो. नोंद नसेल, तर गाणारा हरवतो.